वादळ विरलं, पाऊस विरला नाही

'चक्रीवादळ ही किनाऱ्यावाल्यांची काळजी, बीड-लातूरला त्याचं काय' असं म्हणतात, ते वाऱ्यापुरतं खरं आहे. वादळ जमिनीवर आलं की समुद्राची वाफ मिळायची थांबते आणि वारा पडतो. पण ढगांतला ओलावा तेवढ्यानं संपत नाही. २६ सप्टेंबर २०२१ ला 'गुलाब' चक्रीवादळ पूर्व किनाऱ्याला लागलं, आणि दोन दिवसांत बीड जिल्ह्यातल्या मांजरा धरणाचे सगळे १८ दरवाजे उघडावे लागले! काढणीला आलेलं आमचं नदीकाठचं सोयाबीन पाण्यात गेलं. तेच अवशेष पुढं अरबी समुद्रात उतरून 'शाहीन' झाले, थेट ओमानला धडकले.

आणखी एक, वादळाच्या अंदाजाच्या नकाशावर दिसणारा रुंदावत जाणारा पट्टा वादळाच्या केंद्राच्या संभाव्य वाटेचा असतो, पावसाच्या व्याप्तीचा नाही. पट्ट्याबाहेर असलात तरी हवामान खात्याचा जिल्हावार इशारा बघाच.