दहा वर्षांच्या मुलीला गाण्याच्या रिॲलिटी शोमध्ये पाठवावे का?

प्रश्न (लोकमान्य नगर, इंदूर)
माझी मुलगी शास्त्रीय गायन शिकते. मुंबईत चित्रित होणाऱ्या एका रिॲलिटी शोसाठी तिची निवड झाली असून, पुढील फेऱ्यांच्या काळात आई किंवा वडिलांनी तिच्यासोबत तेथे राहावे, असे निर्मात्यांनी कळवले आहे. आजोबा हरखून गेले आहेत. मला मात्र तिच्या शाळेची, आणि त्याहून अधिक मनाची काळजी वाटते. करारावर सही करण्यापूर्वी काय पाहावे?

उत्तर १ (वकील)
बालकामगार कायद्यातील २०१६ च्या दुरुस्तीने चौदा वर्षांखालील मुलांना कलाकार म्हणून काम करण्याची मुभा दिली, पण ती सशर्त आहे. २०१७ च्या नियमांनुसार दिवसाला पाच तासांहून अधिक, विश्रांतीशिवाय तीन तासांहून अधिक आणि सलग २७ दिवसांहून अधिक काम घेता येत नाही. मिळकतीपैकी किमान २० टक्के रक्कम राष्ट्रीयीकृत बँकेत मुलीच्या नावे मुदत ठेवीत ठेवावी लागते. चित्रीकरण ज्या जिल्ह्यात होते तेथील जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी निर्मात्याने घ्यायची असते. तिची प्रत मागा. टाळाटाळ झाली, तर काय ते समजा.

उत्तर २ (संगीतशिक्षिका, रामबाग)
तासांचा हिशेब कायदा ठेवील, गळ्याचा कोण ठेवणार? माझी एक विद्यार्थिनी काळी चार या पट्टीत, म्हणजे पेटीच्या चौथ्या काळ्या स्वराला सा मानून, गात असे. कार्यक्रमात तिला मूळ गाण्याच्या उंच पट्टीतला ट्रॅक मिळाला, ती तारसप्तकात, म्हणजे वरच्या सप्तकात, गळा ताणून गाऊ लागली, आणि परतल्यावर ती सवय मोडण्यात आमचे कित्येक महिने गेले. पट्टी कोण ठरवणार, हे आधीच विचारा. शिवाय मूल रडू लागले की कॅमेरा जवळ आणला जातो, हे मला कधीच रुचले नाही.

उत्तर ३ (पालक, सुदामा नगर)
बाईंचे म्हणणे मान्य, पण चित्र इतके काळेही नाही. आमचा मुलगा मुरलेल्या वादकांबरोबर गायला आणि ते शिक्षण त्याला इंदुरात सहजी मिळाले नसते. बाहेर पडल्यावर मात्र वर्गमित्र मते कमी का पडली हे विचारत राहिले, तेव्हा काही दिवस त्याने शाळेत जायचे टाळले. करारात आणखी एक अट नीट वाचा : कार्यक्रम संपल्यावर किती काळ अन्यत्र गाता येणार नाही. त्या अटीपायी आमच्या मुलाला गल्लीतल्या गणेशोत्सवातही गाता आले नव्हते.