हझानूत स्त्रीच्या आवाजात: पट्टी किती उतरवावी?

स्वरवेल:
पूर्व युरोपातली हझानूत (सिनॅगॉगमधल्या, म्हणजे ज्यूंच्या प्रार्थनास्थळातल्या, हझानाची म्हणजे मुख्य गायकाची प्रार्थनागायकी) मैफलीत गायची आहे. नोटेशन टेनरसाठीचं (पुरुषाच्या उंच आवाजासाठीचं) आहे: सा पांढरी दोन (हार्मोनियमची दुसरी पांढरी पट्टी), झेप तार पंचमापर्यंत. जसंच्या तसं गायलं की वरच्या जागी शब्दच कळत नाहीत. पट्टी कुठे आणावी? आणि 'अहावा रब्बा' ही स्वरावली म्हणजे भैरव रागच समजायचा का?

खर्ज_पंचम:
टेनरचं नोटेशन प्रत्यक्षात एक सप्तक खाली गायलं जातं. त्यामुळे तुम्ही पूर्ण सप्तक वर जाता, आणि तिथे अ, ए, इ सगळे सारखेच ऐकू येतात. सा पांढरी सहावर आणा. पण आधी सर्वांत खालचा सूर पाहा. चीज मंद्र पंचमाला जात असेल तर पांढरी सहावर तो बहुतेक स्त्रियांना लागत नाही. मग पांढरी सात धरा. विसाव्या शतकात अमेरिकेत जीन गॉर्निश, फ्रेडेले ऑयशर यांच्यासारख्या 'खझंते' (हझानूत गाणाऱ्या स्त्रिया) सिनॅगॉगबाहेर, रंगमंचावर गायच्या. त्यांच्या ध्वनिमुद्रिका ऐका. खालच्या सप्तकातच शब्दांना वजन येतं.

कोमलरिषभ:
भैरव नाही! निषाद कोमल आहे: कोमल रे, शुद्ध ग, शुद्ध म, कोमल ध, कोमल नी. म्हणजे बसंत मुखारी रागाचे सूर. रिषभावर आंदोलन मात्र नको, तिथेच आपली सवय उघडी पडते. त्याऐवजी 'क्रेख्त्स' शिका: सूर सोडताना हुंदक्यासारखा हलका अडसर. तो मोजक्या जागीच ठेवा, ओळीओळीला घेतला की नाटकी होतो. तबला नको, लय शब्दांची आहे. तानपुराही जपून, कारण चीज मधूनच मध्यमाला सा मानून फिरते आणि पंचमाची तार खटकते. पियानो किंवा ऑर्गन बरा.

स्वरवेल:
आणि उच्चार?

खर्ज_पंचम:
जुन्या रचनांना अश्कनाझी (पूर्व युरोपातल्या ज्यूंचे) हिब्रू उच्चारच हवेत: शब्बाथला, म्हणजे विश्रामदिनाला, 'शब्बात' नव्हे, 'शाब्बोस'. आजच्या इस्रायली उच्चारात आघात शेवटच्या अक्षरावर सरकतो आणि चुकीच्या सुरावर पडतो. तालमीत देवाच्या नावाऐवजी 'हाशेम' म्हणायची रीत आहे, ती पाळा. मैफल शुक्रवारी संध्याकाळी ठेवू नका, शब्बाथ लागतो. ऑर्थोडॉक्स (परंपरानिष्ठ ज्यू) श्रोते येणार असतील तर आयोजकांशी आधीच बोला. 'कोल इशा' या नियमामुळे त्यांच्यातले अनेक पुरुष स्त्रीचं गाणं ऐकत नाहीत. ज्यूंच्या सुधारणावादी रिफॉर्म पंथात ही अडचण नाही, तिथे 1975 पासून स्त्रिया रीतसर हझान होतात.

कोमलरिषभ:
जोडीला 'एलियाहू हन्नाबी' हे गीत घ्या. बेने इस्राएली (मराठी ज्यू) घरांत मलिद्याच्या विधीच्या वेळी ते सगळे मिळून गातात. पट्टीचा प्रश्नच येत नाही.