पोरिफेरा: रंध्रीय, छिद्री, सच्छिद्र की सरळ स्पंज?

सागरगोटा:
एक अडचण आलीये, जाणकारांनी मदत करा. शाळकरी मुलांसाठी समुद्री प्राण्यांचं एक छोटं प्रदर्शन लागणार आहे, त्याचे फलक मराठीत करायचं काम माझ्याकडे आहे. प्रवाळ, जेलीफिश, तारामासा, समुद्रकाकडी सगळं नीट पार पडलं आणि स्पंजावर येऊन अडलं. मूळ मजकुरात वर ठळक 'पोरिफेरा' आहे, खाली त्याचा अर्थ 'छिद्रं धारण करणारे'. मी दहावीच्या विज्ञानाच्या पुस्तकातला 'रंध्रीय प्राणी' घेतला. तपासणाऱ्यांनी तो खोडून 'सच्छिद्र प्राणी' केलं, म्हणे रंध्र हा शब्द मुलांना जड जातो. मला सच्छिद्र म्हटलं की माठ आठवतो, पाणी झिरपणारी वस्तू, जिवंत जनावर डोळ्यासमोर येतच नाही. दुसरा प्रश्न लिंगाचा. एका प्राण्याबद्दल लिहिताना 'तो स्पंज' की 'ते स्पंज'? मी तो लिहिलंय, त्यांनी सगळीकडे ते केलंय. फलक लवकरच छापायला जायचेत.

विज्ञानशिक्षिका:
रंध्रीयच ठेवा, अजिबात बदलू नका. मुलांना रंध्र कळत नाही हे कुणी सांगितलं? पानाच्या खालच्या बाजूची पर्णरंध्रं मुलं दहावीच्या कितीतरी आधी शिकलेली असतात, सूक्ष्मदर्शकाखाली बघितलेलीही असतात, त्यामुळे रंध्रीय म्हटलं की त्यांना पुढचं सांगावंच लागत नाही. उलट 'पोरिफेरा' फळ्यावर लिहिलं की मागच्या बाकांवर 'पोरी' या दोन अक्षरांवरून खसखस पिकते आणि पुढची पाच मिनिटं वर्ग शांत करण्यात जातात. मराठी शब्द हवाच, आणि जो पुस्तकात आहे तोच फलकावर दिसला तर मुलाला धागा सापडतो. परीक्षेला एक, प्रदर्शनात दुसरं, कोशात तिसरं, असं केलं की पोरं सरळ इंग्रजी शब्द पाठ करतात.

जुनी पाटी:
मला कळत नाही की स्पंज या शब्दाला झालंय काय? आमच्या वेळी पाटीला स्पंजाची डबी दोऱ्याने बांधलेली असायची, छोटी गोल पत्र्याची, आत ओला स्पंज, आणि तो वाळला की शेजारच्याच्या डबीतलं पाणी मागायचं. 'स्पंजाची', 'स्पंजाने', 'स्पंजाला' असं सामान्यरूप आमच्या तोंडी आपोआप होत होतं ना, मग तो शब्द मराठीच झाला की. टेबल, पेन, स्टेशन यांना कोण परकं म्हणतं? वर मोठ्या अक्षरात 'स्पंज' लिहा, खाली बारीक अक्षरात संघाचं, म्हणजे प्राण्यांच्या त्या मोठ्या गटाचं, नाव काय हवं ते टाका. आणि लिंग पुल्लिंगच. पाटी पुसायचा स्पंज. पुसायचं स्पंज असं मी आयुष्यात ऐकलं नाही.

धातुपाठ:
पोरिफेरा शब्दाला एवढ्या घाईने हाकलू नका हो, तो आपल्या घरातला निघतो. पहिला भाग लॅटिन पोरस, तो ग्रीक पोरॉस वरून आला, आणि ग्रीकमध्ये त्याचा मूळ अर्थ भोक नाहीच, अर्थ आहे पलीकडे जायची वाट, पाणी ओलांडायचा उतार. इस्तंबूलच्या बॉस्पोरसमध्ये तोच आहे, बैलाचा उतार. हा ज्या मूळ धातूपासून निघाला त्याच कुळातला आपला 'पार'. पार जाणे, पैलपार, सगळं तेच. दुसरा भाग फेरे म्हणजे वाहणे, धारण करणे, आणि तो सरळसरळ संस्कृत 'भृ' चा भाऊबंद, ज्याच्यावरून आपले भार, भरण, भर्ता आले. म्हणजे पोरिफेरा म्हणजे अंगात आरपार वाटा वागवणारा. असं बघितलं तर 'रंध्रभृत्' हा शब्द नेमका बसतो. रंध्रीय म्हणजे रंध्रासंबंधी, त्यात धारण करण्याचा भाव येतच नाही, 'ईय' प्रत्यय तिथे मला कायम खटकतो. भारतीय म्हणजे भारताचा, मग रंध्रीय म्हणजे रंध्राचा? प्राणी रंध्राचा कसा असेल, रंध्रं प्राण्याची ना.

विज्ञानशिक्षिका:
व्युत्पत्ती आवडली, वर्गात सांगीन. पण रंध्रभृत् नववी दहावीच्या मुलाकडून लिहून घेऊन दाखवा, तो पाय मोडलेला त भल्याभल्यांकडून सुटतो.

शुद्धमराठी:
जुनी पाटी यांच्याशी पूर्ण असहमत. पाटी पुसायची वस्तू आणि एक सजीव संघ यांना एकच उसना शब्द वापरायचा हे आळसाचं लक्षण आहे. दिनांक, महापौर, चित्रपट हे शब्द आले तेव्हा लोकांना असेच जड वाटले होते, आज तेच शब्द वापरताना कुणाची जीभ अडखळत नाही. शब्द आधी घडवावा लागतो, मग रुळतो. माझा प्रस्ताव 'छिद्री'. दोन अक्षरी, जोडाक्षरं सोपी, छिद्र खेड्यातल्या मुलालाही माहीत.

जुनी पाटी:
रुळलेल्या दहा शब्दांची नावं सगळे घेतात, जे शेकडो कोशातच राहिले त्यांची कोण घेणार? आणि माझ्या शब्दाला आळस म्हणू नका. शब्द घडवण्याचे कष्ट लोकांनी आधीच घेतलेत, त्यांनी परका शब्द घेतला, त्याला विभक्ती लावली, त्याची डबी केली. हे सुद्धा घडवणंच आहे.

पाणवठा:
मी या प्राण्यांवर थोडंफार काम केलंय, गोड्या पाण्यातल्या स्पंजांवर, म्हणून प्राण्याच्या बाजूने बोलते. सच्छिद्र का चुकीचं आहे ते सागरगोटा यांना बरोबर जाणवलंय. सच्छिद्र दगडातली भोकं कशीही असतात, स्पंजाच्या भोकांना दिशा असते. अंगावरच्या असंख्य बारीक छिद्रांतून पाणी आत जातं, आतल्या कप्प्यांत कॉलर पेशी असतात, त्यांचे चाबकासारखे केस हलून पाणी ओढतात, अन्नाचे कण तिथेच अडकतात आणि पाणी एका मोठ्या तोंडातून बाहेर पडतं. बोटाएवढा, दहा सेंटिमीटर उंचीचा स्पंज दिवसाला वीस लिटरहून जास्त पाणी असं फिरवतो.

हे बघितलं कुणी तर रॉबर्ट ग्रँटने, एडिनबर्गला, १८२५ च्या सुमारास. तोपर्यंत स्पंज वनस्पती की प्राणी हाच वाद होता. त्याने जिवंत स्पंजाचा तुकडा समुद्राच्या पाण्यासकट घड्याळाच्या काचेत ठेवला, सूक्ष्मदर्शकाखाली सरकवला आणि एका गोल छिद्रातून कणांचा लोंढा सतत बाहेर उसळताना त्याला दिसला. पुढे पोरिफेरा हे नावही त्यानेच रूढ केलं. म्हणजे नाव ठेवणाऱ्याच्या डोळ्यासमोर नुसती भोकं नव्हती, वाहतं पाणी होतं. धातुपाठ यांचा 'वाट' हा अर्थ मला म्हणूनच पटला.

आणि फलक करताना एक जपा. त्या मोठ्या छिद्राला ऑस्क्युलम म्हणतात, लॅटिनमध्ये अर्थ छोटं तोंड. कुणी त्याचं 'मुख' करतं आणि पुढचं वाक्य आपोआप 'मुखातून अन्न आत घेतो' असं होतं. मराठी पुस्तिकेत मी हे छापलेलं वाचलंय. तिथून पाणी बाहेर जातं, आत काही जात नाही. 'बहिर्वाही छिद्र' लांबलचक आहे पण मूल चुकणार नाही.

खाडीकाठची काकी:
तुम्ही सगळे पुस्तकातलेच शब्द का शोधताय? आमची आजी समुद्रफेस म्हणायची. पुळणीवर पांढरं हलकं काहीतरी वाहून येतं, ते ती उचलून आणायची, उगाळून औषधात घालायची. समुद्रफेस हाच जुना शब्द आहे, संस्कृतात समुद्रफेन.

पाणवठा:
काकी, समुद्रफेस म्हणजे माकूलाच्या जातीतल्या प्राण्याच्या पाठीतलं कवच, कटलफिशचं. लांबट, एका बाजूने कडक, दुसऱ्या बाजूने नखाने खरवडलं तर पीठ पडतं. पिंजऱ्यातल्या पोपटांना चोच घासायला देतात तेच. आयुर्वेदातलं समुद्रफेनही तेच. स्पंज दाबला तर दबतो, तो उगाळता येणार नाही.

खाडीकाठची काकी:
उगाळायची हे मी डोळ्यांनी बघितलंय, तेव्हा ते कवच असेल हे मान्य. पण मग स्पंज पुळणीवर येत नाही का? येतो तर लोक त्याला काहीतरी म्हणत असतीलच ना? आमच्याकडच्या जाळ्यात असलं काही आलं तर झटकून परत पाण्यात टाकतात, हाताला खाज सुटते म्हणून.

पाणवठा:
खाज अगदी बरोबर. त्याच्या अंगात काचेच्या किंवा चुन्याच्या सुया असतात, पुस्तकात त्यांना कंटिका म्हणतात, त्या कातडीत शिरतात. अंघोळीचा नैसर्गिक स्पंज मऊ असतो कारण त्या जातीत सुया नसतात, नुसते स्पाँजिन नावाच्या प्रथिनाचे धागे असतात.

मुंबईकर दख्खनी:
लोकभाषेतला शब्द हवा असेल तर उर्दू-हिंदीत आहे की, 'मुआ बादल', मेलेला ढग. फारसीत अब्र म्हणजे ढग आणि अब्र म्हणजेच स्पंज सुद्धा. पाणी भरून घेतो आणि पिळला की बरसतो. हकिमांच्या औषधांत 'अब्रे-मुर्दा' असाच येतो. वाळवून बाजारात आलेला असायचा म्हणून मेलेला. फलकावर एका कोपऱ्यात हे टाकाच, मुलं विसरणार नाहीत.

शुद्धमराठी:
सुंदर आहे, पण जिवंत प्राण्याच्या फलकावर मेलेला ढग?

पाणवठा:
छिद्री, रंध्रीय, रंध्रभृत् यावर भांडणाऱ्यांसाठी एक सांगते. १९९५ साली वासले आणि बूरी-एस्नो या फ्रेंच संशोधकांनी भूमध्य समुद्राच्या एका गुहेतल्या स्पंजाचं वर्णन केलं, अॅसबेस्टोप्लुमा. त्याला ती पाण्याची वाटच नाही, कॉलर पेशी नाहीत, पाणी गाळायची व्यवस्था नाही. अंगाच्या तंतूंवर आकड्यासारख्या सुया आहेत, त्यात कोळंबीच्या जातीतले बारीक जीव अडकतात आणि मग पेशी हळूहळू त्यांच्यावर चढून त्यांना पचवतात. मांसाहारी स्पंज. तो पोरिफेरातच आहे. म्हणजे शब्दशः अर्थ कितीही अचूक केला तरी प्राणी त्याच्या बाहेर निघतातच. नाव ही ओळख आहे, व्याख्या नाही. म्हणून माझं मत, जे पुस्तकात आहे ते ठेवा.

धातुपाठ:
मग तर 'स्पंज' पण चालेल आणि 'क' पण चालेल. नावातून काही कळावं ही अपेक्षा सोडायची असेल तर परिभाषा करायचीच कशाला? भाषा संचालनालयाने एवढे कोश काढले ते नाव वाचून निदान अर्धी कल्पना यावी म्हणूनच.

विज्ञानशिक्षिका:
मला खरा त्रास होतो तो त्याच धड्यातल्या दुसऱ्या शब्दाचा. स्पंज जागचा हलत नाही म्हणून पुस्तकात त्याला 'स्थानबद्ध प्राणी' म्हटलंय. घरी आजोबांना विचारून आलेल्या एका मुलीने वर्गात विचारलं, बाई, याला कुणी डांबून ठेवलंय? कारण आजोबांसाठी स्थानबद्ध म्हणजे १९७५ ची आणीबाणी, मिसा कायद्याखाली धरलेली माणसं.

खाडीकाठची काकी:
आम्हा रत्नागिरीकरांना तर तो शब्द त्याच्याही आधीचा. सावरकर १९२४ ते १९३७ इथे स्थानबद्ध होते, जिल्ह्याबाहेर जायची बंदी. आमच्याकडे शब्द उच्चारला की तेच आठवतं.

शुद्धमराठी:
त्यात चूक काय? बद्ध म्हणजे बांधलेला. स्पंज खडकाला बांधलेलाच असतो. कायद्यातही तोच शब्द आहे म्हणून विज्ञानाने सोडायचा का?

विज्ञानशिक्षिका:
बांधलेला म्हटलं की बांधणारा दुसरा कुणीतरी आला. स्पंजाची अळी पोहत येते, खडक निवडते आणि स्वतः चिकटते. लहानपणी तो फिरता असतो हेच मुलांना सांगायचं राहून जातं त्या एका शब्दामुळे. 'स्थिर' किंवा 'एकाच जागी राहणारा' म्हणा ना.

धातुपाठ:
'स्थाणू' घ्या. एका जागी उभा राहणारा.

जुनी पाटी:
स्थाणू म्हणजे वठलेला खुंट. जिवंत प्राण्याला तो पण नको.

पाणवठा:
जागचा न हलणाऱ्या प्राण्याला इंग्रजीत 'सेसाइल' म्हणतात, वनस्पतीशास्त्रात याच इंग्रजी शब्दाला अवृंत म्हणतात, बिनदेठाचं पान. त्यामुळे एका मूळ शब्दाला दोन शास्त्रांत दोन मराठी शब्द आहेत आणि ते योग्यच आहे. प्राण्यासाठी मी लेखात 'चिकटून राहणारा' लिहिते. संपादक कधी ठेवतात, कधी स्थानबद्ध करतात.

आणि मुंबईकरांसाठी. हेन्री जॉन कार्टर नावाचा लष्करी सर्जन मुंबईत होता, त्याने १८४९ मध्ये मुंबई बेटावरच्या तलावांतल्या गोड्या पाण्याच्या स्पंजांवर सविस्तर लेख छापला. त्याच्या नावाची स्पाँजिला कार्टेरी ही जात आहे, आता युनॅपियस वंशात घालतात. उन्हाळ्यात पाणी आटलं की स्पंज मरतो पण खसखशीएवढे गोळे दगडावर मागे ठेवतो, पाऊस पडला की त्यातून नवा स्पंज. समुद्राच्या फलकात एक ओळ याचीही घाला, कारण किनाऱ्यापासून लांब राहणाऱ्या मुलाला स्पंज बघायचा असेल तर तळ्यातलाच दिसणार.

मुंबईकर दख्खनी:
कुठली तळी होती ती? आता बहुतेक बुजवली असणार. धोबीतलाव, दोनटाकी ही नावं तेवढी राहिलीत.

जुनी पाटी:
दोनटाकीवर मी कॉलेजला असताना जायचो, तिथे टाकी कुठे होती ते कुणालाच सांगता यायचं नाही. त्या नावांवर वेगळी चर्चा सुरू करा कुणीतरी, मुंबईतल्या तळ्यांच्या नावांवर.

सागरगोटा:
सगळ्यांचे आभार, ऑस्क्युलमचं आणि तळ्यातल्या स्पंजाचं लगेच घालतो. वर मोठ्या अक्षरात स्पंज, खाली रंध्रीय प्राणी, असं पुन्हा पाठवतोय, सच्छिद्र मी मान्य करणार नाही. पण 'तो' की 'ते' याला एकाच माणसाचं उत्तर आलंय आणि तपासणारे म्हणतात की ते पाटीच्या स्पंजाबद्दल आहे, प्राण्याबद्दल नाही. प्राणी असला की लिंग बदलतं का?

शुद्धमराठी:
छिद्री घेतलात तर हा प्रश्नच येत नाही. तो छिद्री.

खाडीकाठची काकी:
ती छिद्री का नाही? नदी, होडी, सुरी, सगळ्या ईकारान्त बायकाच.

धातुपाठ:
पाणी, मोती, हत्ती विसरलात.