अनुभव धागा: 'बॅक टू ब्लॅक' तुम्हाला कधी भिडला?

ब्रिटिश गायिका एमी वाइनहाउसचा हा अल्बम ऑक्टोबर २००६ मध्ये आला. जेमतेम ३५ मिनिटांचा. प्रियकर तिला सोडून जुन्या मैत्रिणीकडे परत गेला, त्यातून यातली बरीच गाणी आली. विरहगीतं आपण ढिगाने ऐकलीत, पण ही बाई स्वतःलाही सोडत नाही. 'यू नो आय अ‍ॅम नो गुड'मध्ये फसवणारी तीच. माझं फिसकटलं तेव्हा 'तो कसा नालायक' हे सांगायला मैत्रिणी होत्याच. मी काय केलं होतं, ते मात्र या गाण्याने काढलं.

तुमचं सांगा. समीक्षा नको, अनुभव लिहा.

---

मी तबला वाजवतो, त्यामुळे शब्दांआधी ठेका कानात शिरतो. यातल्या बऱ्याच गाण्यांना न्यूयॉर्कच्या डॅप-किंग्ज बँडची साथ आहे; खरे ड्रम, खरी पितळी वाद्यं. 'टिअर्स ड्राय ऑन देअर ओन' पहिल्यांदा ऐकलं तेव्हा वाटलं, अरे, हे तर ओळखीचं आहे! खाली चाललंय ते 'एंट नो माउंटन हाय इनफ', १९६७ सालचं मार्विन गे आणि टॅमी टेरेलचं द्वंद्वगीत. त्यात दोघं एकमेकांना वचनं देतात, कुठूनही हाक मार, येतोच. त्याच चालीच्या पायावर ही एकटी गाते की तो गेला, डोळे आपोआप सुकतील. मांडवात सनई चालूच आहे आणि नवरी एकटीच रिक्षा करून घरी निघालीय, असं काहीतरी. मी त्या दिवशी रियाज केलाच नाही.

---

गाडीत लावला होता. आईने विचारलं, "ही रडतेय की भांडतेय गं?" म्हटलं, दोन्ही. "मग बरोबर आहे," म्हणाली आणि खिडकीबाहेर बघत बसली. बाबांविषयी ती कधीच बोलत नाही. टायटल साँग संपल्यावर "परत लाव" म्हणाली, तेवढंच.

---

'रिहॅब'वर आम्ही हॉस्टेलात नाचलोय. नकाराची ओळ आली की सगळे मिळून बोंबलायचो. २३ जुलै २०११ ला ती दारूपायी गेली, वय २७. पुढे आसिफ कपाडियांचा 'एमी' हा माहितीपट पाहिला आणि गाण्यातली गंमतच गेली. लोक व्यसनमुक्तीचे उपचार घे म्हणत होते, ती नाही म्हणाली, एवढं सरळ तिने सांगून टाकलं होतं. आम्ही त्यावर नाचलो. माझ्या मामाचं पिणंही आम्ही असंच हसण्यावारी नेलं होतं. आता ते गाणं आलं की पुढे ढकलतो.

---

लंडनच्या कॅम्डेनजवळ राहायचो. तिथल्या स्टेबल्स मार्केटमध्ये तिचा माणसाएवढा पुतळा आहे, २०१४ पासून. पर्यटक खांद्यावर हात टाकून सेल्फी काढतात. मीही काढला. मग रीजंट्स कॅनॉलच्या कडेने घरी जाताना 'लव्ह इज अ लूझिंग गेम' लावलं आणि तो फोटो डिलीट केला.

---

मतभेद नोंदवतो. आवाज जबरदस्त, पण साठच्या दशकाचा मेकअप जरा जास्तच चढवलाय. तिचा २००३ चा 'फ्रँक' मला जास्त खरा वाटतो. मारायला धावा.

---

धागाकर्ती: धावत नाही, पण 'फ्रँक'साठी वेगळा धागा काढा! आणि ते गाडीवालं कोण लिहिलंय? आईंना पुढे काय ऐकवलंस?

---

काही नाही. "ती भांडणारी लाव" म्हणून तीच मागते.