त्लाश्काला विसरून हा हिशेब लागत नाही

मेक्सिकोतलं अॅझटेक साम्राज्य कसं बुडालं या चर्चेत कुणीतरी म्हटलंय, ‘पाचशे स्पॅनिश शिपायांनी घोडे आणि बंदुकांच्या जोरावर अख्खं अॅझटेक साम्राज्य बुडवलं’. हे विधान मला अजिबात पटत नाही. देवीच्या साथीने साम्राज्य खिळखिळं केलं, हा मुद्दा मान्य. अॅझटेक सम्राट मोक्तेसुमानंतर गादीवर आलेला क्वित्लावाक १५२० मध्ये काही महिन्यांतच देवीने गेला. पण इतक्या चर्चेत शेजारच्या त्लाश्काला राज्याचं नाव कुणीच कसं घेतलं नाही?

हे राज्य अॅझटेकांना कधीच जिंकता आलं नाही. त्यांनी ते चहूबाजूंनी कोंडलं, इतकं की तिथे मीठसुद्धा मिळेना. त्या रागाची किंमत पुढे अॅझटेकांच्या राजधानीने, तेनोच्तित्लानने मोजली. १५१९ मध्ये त्लाश्कालाचे लोक आधी स्पॅनिशांचा म्होरक्या कोर्तेसशी लढले, मग त्याच्या बाजूला गेले. पुढच्या वर्षी जूनअखेर तो तेनोच्तित्लानमधून मार खाऊन पळाला, तेव्हा आसराही त्यांनीच दिला. राजधानी तळ्याच्या मधोमध, त्यामुळे जहाजांशिवाय वेढा पडणं अशक्य. तेरा जहाजांचे भाग त्लाश्कालात तयार झाले आणि फळ्या, डोलकाठ्या, दोरखंड, लोखंडी सामान असं सगळं हजारो माणसांनी खांद्यावरून डोंगराळ वाटेने तळ्याकाठच्या तेश्कोको शहरात आणलं. तेश्कोको तर अॅझटेक साम्राज्य चालवणाऱ्या तीन शहरांच्या युतीतलंच शहर, तेही फुटलं होतं! मग चापुल्तेपेकच्या झऱ्यांवरून राजधानीत येणारं पाणी तोडलं गेलं आणि १३ ऑगस्ट १५२१ रोजी शेवटचा अॅझटेक सम्राट कुआउतेमोक पकडला गेला. त्या वेढ्यात स्पॅनिश माणसं हजाराच्या आसपास होती, स्थानिक मित्रसैन्य त्यांच्या कित्येक पट.