९ नोव्हेंबरला तोड नाही
इतिहासातला तारखांचा सगळ्यात भारी योगायोग कोणता? शेक्सपिअर आणि स्पॅनिश लेखक सर्व्हान्टेस यांच्या मृत्यूची २३ एप्रिल १६१६ ही तारीख ऐकायला भारी वाटते, पण तेव्हा इंग्लंडात जुनं ज्युलियन कॅलेंडर होतं आणि स्पेनमध्ये नवं ग्रेगोरियन, म्हणजे तारीख सेम धरली तरी मध्ये दहा दिवसांचं अंतर. तो योगायोग बादच समजा.

माझं मत जर्मनीच्या ९ नोव्हेंबरला. १९१८ ला कैसरची, म्हणजे जर्मन सम्राटाची, सत्ता गेली, १९२३ ला हिटलरचा म्युनिकमधला उठाव फसला. १९३८ ची ज्यूंवरच्या हल्ल्यांची रात्र मात्र योगायोग नाहीच, त्याच उठावाच्या वर्षदिनाला नाझी पुढारी म्युनिकमध्ये जमले होते आणि प्रचारमंत्री गोबेल्सच्या भाषणानंतर तिथूनच हल्ल्यांच्या आदेशांचे फोन गेले सगळीकडे.

१९८९ ला बर्लिनची भिंत उघडली तो तर निव्वळ घोळ! पत्रकार परिषदेत पूर्व जर्मनीच्या सत्ताधारी पक्षाचा प्रवक्ता शाबोव्स्कीच्या हातात देशाबाहेर प्रवासाच्या नव्या नियमांचा कागद, अंमल खरं तर दुसऱ्या दिवसापासून, पत्रकाराने विचारलं कधीपासून, तर साहेबांनी कागद चाळले आणि ठोकून दिलं की माझ्या माहितीप्रमाणे लगेच, झालं, लोक लोटले आणि रात्री साडेअकराच्या सुमारास बर्लिनच्या बोर्नहोल्मर रस्त्यावरचं सीमेचं फाटक उघडावंच लागलं.

एकीकरणाचा राष्ट्रीय दिवस ३ ऑक्टोबरला ठेवला तो उगाच नाही, १९३८ ची आठवण असलेल्या तारखेला जल्लोष कोण करणार?