आधी माती, मग सिलिकॉन

भाचीला सिनेमातले राक्षस, प्राणी हाताने घडवायचेत, पण आता सगळं कॉम्प्युटरवर होतं मग यात काय उरलं, असं विचारलंत. बरंच उरलंय हो. १९९३च्या 'जुरासिक पार्क'मध्येही कॉम्प्युटरवरच्या डायनासोरांसोबत सिनेमासाठी असे प्राणी घडवणारे कलाकार स्टॅन विन्स्टन यांच्या चमूने बनवलेला पूर्ण आकाराचा यांत्रिक टी-रेक्स होता. पावसाच्या प्रसंगात त्याची फोमची कातडी पाणी पिऊन जड झाली आणि तो थरथरू लागला. कातडी सारखी कोरडी करत राहावं लागलं.

पुण्यातच आहात तर तिला आधी एखाद्या गणपतीच्या कारखान्यात बसवा. शाडूत हात बसला, साचा कुठे अडकतो ते कळलं, की निम्मं काम झालं. मधूनमधून कात्रजच्या प्राणिसंग्रहालयात वही घेऊन जाऊ दे. वाघ चालताना खांद्यावरची कातडी कशी सरकते ते बघून काढायला सांगा.

आणि एक गोष्ट आत्ताच सांगून ठेवा. गंधक असलेल्या मॉडेलिंग क्लेवर प्लॅटिनम सिलिकॉन (साच्यासाठी ओततात ते रबरासारखं द्रव्य) सेट होत नाही, चिकटच राहतं. लेटेक्सचे हातमोजेही तोच घात करतात. माझा पहिला मोठा साचा असाच गेला, आठ दिवसांची मेहनत टाकून द्यावी लागली, फार रडू आलं होतं. तेव्हापासून आधी छोट्या तुकड्यावर चाचणी, मगच ओतणं.

काम मात्र जास्त करून मुंबईत मिळतं, तेवढी तयारी हवी. पाच-सहा कामांचे फोटो जमले की दाखवा, मी मनापासून बघेन.